चार बोटांची पट्टी

कुठे जायचं असलं की माणसं मोटारीला हात दाखवतात. आप्पा टिपणीस कुठेही जायचं नसताना दाखवत. मोटार थांबली की ते पुढच्या काचेपाशी जात, छत्री काखेत मारत, उजव्या हाताची चार बोटं जुळवत आणि काचेच्या वरच्या कडेला आडवी लावून बघत. काचेवरची रंगीत पट्टी त्या बोटांच्या खाली उतरलेली दिसली, की ड्रायव्हरकडे वळून अतिशय सौम्य आवाजात म्हणत, "खाली आलीय. यात माझं काही नाही हं, कायद्याचं आहे."

ही पनवेलच्या मोटारस्टँडवरची गोष्ट, मुंबई-पुण्याची सगळी रहदारी गावातून जायची तेव्हाची. सकाळी उरणकडून येणाऱ्या ड्रायव्हरच्या डोळ्यांत उगवता सूर्य जायचा, संध्याकाळी पुण्याकडून मुंबईला निघालेल्याच्या डोळ्यांत मावळता. त्यावर उपाय म्हणून ड्रायव्हरलोक काचेच्या वरच्या भागाला हिरवा नाहीतर निळा जिलेटिनचा कागद चिकटवायचे. कोणी सरळ रंगच फासायचे. कोणी त्या रंगावर देवाचं नाव लिहायचे, आणि भक्ती मोठी असली की अक्षरंही मोठी व्हायची. एका ट्रकवर एकवीरा आईचं नाव इतकं ठळक होतं की ड्रायव्हरला रस्ता बघायला दोन अक्षरांच्या मधून डोकावावं लागे. आप्पांनी आधी त्या काचेला हात जोडले, मग ड्रायव्हरला, आणि म्हणाले, "आई वरून बघतेच आहे. तू खालून बघ."

आप्पा सरकारी नोकरीतून निवृत्त झालेले. मोटार नोंदणीच्या कचेरीत त्यांनी जन्मभर कारकुनी केली होती. जिल्ह्यातल्या बहुतेक मोटारींचे कागद त्यांच्या टेबलावरून गेलेले, पण मोटार चालवणं सोडाच, मोटारीत बसणंही त्यांना मानवत नसे. एस.टी.ने पेणला भावाकडे जायचं झालं, तरी ते रुमालात लिंबू बांधून घेत आणि सगळ्या वाटेत हुंगत बसत. मोटारीशी त्यांचा संबंध बाहेरून होता. इंजिनात काय चालतं याची त्यांनी कधी चौकशी केली नाही. काचेपुरतं त्यांचं राज्य.

त्या राज्यातही त्यांना आता अधिकार काहीच नव्हता. पण काळी टोपी, बंद गळ्याचा कोट आणि हात दाखवण्यातली सरकारी सवय, यामुळे बाहेरगावचे ड्रायव्हर त्यांना साध्या कपड्यातला साहेब समजत आणि गाडी थांबवत. एका सरदारजीने तर साहेब ठेंगणे आहेत हे पाहून, ट्रकच्या काचेपर्यंत हात पोचावा म्हणून, त्यांना अलगद उचलून बॉनेटवर बसवलं होतं. आप्पांनी तिथे बसून पट्टी मोजली, "दोन बोटं जास्त आहे," असा निर्णय दिला, आणि मग खाली कसं उतरायचं याचा विचार करत राहिले. सरदारजीनेच त्यांना पुन्हा खाली ठेवलं.

मी तेव्हा नुकतीच सनद घेऊन पनवेलच्या कोर्टात वकिली सुरू केली होती. लाइन आळीत एका तांदळाच्या व्यापाऱ्याच्या दुकानावर दोन खोल्या होत्या. एकीत मी, दुसरीत आप्पा. पक्षकार नसल्यामुळे कायद्याची पुस्तकं वाचायला मला भरपूर वेळ मिळे. एकदा मी मुद्दाम मोटारींचे नियम काढून वाचले. त्यात चार बोटं कुठेही नव्हती. चालकाला पुढचा रस्ता स्वच्छ दिसला पाहिजे, त्याच्या नजरेआड येईल असं काचेवर काही असता कामा नये, एवढंच होतं. मी ते आप्पांना सांगितलं.

"स्वच्छ म्हणजे किती?" त्यांनी विचारलं.

"ते लिहिलेलं नाही."

"मग? कोणीतरी ठरवायला हवं की नको? आमच्या कचेरीत चार बोटं धरत."

"कोण धरत?"

"मी," आप्पा म्हणाले.

लढाईच्या काळात मोटारींच्या दिव्यांना वरून अर्धा काळा रंग लावायचा हुकूम निघाला होता. त्या वेळचे सगळे कागद आप्पांनी स्वतः केले होते आणि नोकरीतला तो त्यांचा सगळ्यात मोठा काळ. तेव्हापासून मोटारीचं काही झाकलं की त्यांना ते आपल्या खात्यातलं वाटे. "दिवे झाकायला सरकारने सांगितलं होतं," ते म्हणत. "काच झाकायला कोणी सांगितलं? काच बघण्यासाठी असते."

एकदा मुंबईची एक लांबलचक मोटार स्टँडवर पाण्यासाठी थांबली. तिच्या काचेला वरच्या बाजूला मूळचाच गडद हिरवा रंग होता, विलायतेतूनच तसा आलेला. आप्पांनी बोटं लावली. मागच्या सीटवरच्या बाईंनी ड्रायव्हरला विचारलं, "हे गृहस्थ काय करताहेत?" ड्रायव्हरला सांगता येईना. आप्पा खिडकीशी गेले आणि त्यांनी बाईंना दृष्टी, सूर्य आणि कायदा यांवर बरंच काही सांगितलं. पट्टी काचेतच आहे, ती काढता येणार नाही, हे कळल्यावर ते जरा थांबले आणि म्हणाले, "मग काच बदला." बाई हसल्या. त्यांनी पिशवीतून दोन संत्री काढून आप्पांच्या हातावर ठेवली. मोटार गेली तरी आप्पा संत्री हातात घेऊन उभे होते. घरी येऊन त्यांनी एक संत्रं मला दिलं आणि हा सगळा संवाद तीन वेळा सांगितला. दुसरं संत्रं सुकून जाईपर्यंत त्यांच्या खिडकीत होतं.

मोटारस्टँड सोडला तर आप्पा कोणाशी बोलत नसत. म्हणजे बोलायचं नसे असं नाही, त्यांना विषयच सुचत नसे. वाटेत कोणी "कसं काय, आप्पा?" म्हणालं तर ते गोंधळून "कशाचं?" असं विचारत. बायको लग्नानंतर थोड्याच वर्षांत गेली होती, मूलबाळ नव्हतं. पेणच्या भावाकडे गणपतीला एक खेप होई, तिथेही ते आरतीपुरते बोलत. माझ्या खोलीत कधी यायचं झालं तर आधी एक शंका तयार करून येत. "वकीलसाहेब, एक शंका होती," अशी दारात सुरुवात. शंका सुटली की उठत. ती सुटायला वेळ लागला की त्यांचा चेहरा खुलत असे. पुढे पुढे मी उत्तर माहीत असलं तरी पुस्तक उघडून बसायला शिकलो.

स्टँडवर मात्र त्यांच्या दोन पाळ्या असत, सकाळी आणि संध्याकाळी. सगळ्यात मोठा वाद नेहमी एकाच मुद्द्यावर होई: चार बोटं कोणाची? उरणच्या ट्याक्शीवाल्यांत कान्हा म्हात्रे नावाचा जासईकडचा एक ड्रायव्हर होता. चाळिशीचा, तरुणपणी मिठागरात काम केलेला, हाताचे पंजे सुपाएवढे. तो आपला पंजा काचेवर ठेवून म्हणे, "आप्पा, ही बगा माजी चार बोटां. पट्टी आत हाय की नाय?"

"तुझी बोटं कायद्यात बसत नाहीत."

"मंग काय तासून आणू?"

"माझी धरायची."

"तुमी मेल्यावर कोनाची धरायची?"

यावर आप्पा खरोखर विचारात पडले होते. घरी येऊन त्यांनी मला तीच शंका विचारली.

असं दोनतीन वर्षं चाललं. आणि मग आप्पांचा मोठा विजय झाला. रोजच्या कटकटीला कंटाळून म्हणा, किंवा म्हाताऱ्याचं मन राखायला म्हणा, स्टँडवरच्या एकेका ड्रायव्हरने आपली पट्टी कापून चार बोटांवर आणली. आधी ठाण्याकडच्या गाड्यांनी, मग पेणकडच्या, शेवटी उरणच्या. कान्ह्यानेही कापली. पुण्याचे ट्रक आता गावात थांबण्याऐवजी पुढच्या पेट्रोलपंपावर थांबू लागले होते. सकाळी आप्पा स्टँडवर जात, पहिल्या गाडीला बोटं लावत, "बरोबर आहे," म्हणत. दुसरीला लावत, "बरोबर आहे." मग काय बोलायचं ते त्यांना कळत नसे. ड्रायव्हर मान डोलावून पुन्हा पत्त्यांकडे वळत. आप्पा छत्रीच्या टोकाने जमिनीवर रेघा काढत उभे राहत आणि पाळी संपायच्या आधीच घरी येत.

त्या दिवसांत भिंतीपलीकडून त्यांचा आवाज येऊ लागला. "काच बघण्यासाठी असते," ते कोणाला तरी समजावत. मग बराच वेळ काही नाही. मग स्टोव्हला पंप मारल्याचा आवाज.

एके सकाळी मी कोर्टात जायला निघालो तर स्टँडवर चांगलाच कलकलाट ऐकू आला. कान्ह्याच्या काचेवर निळी पट्टी पुन्हा खाली आली होती, चांगली सहा-सात बोटं. आप्पांची टोपी मागे सरकली होती आणि ते मला कित्येक आठवड्यांनी मोठे दिसत होते.

"काल बरोबर होती. आज कशी उतरली?"

"काय म्हाईत. उनानं ताणली असल," कान्हा गंभीरपणे म्हणाला.

"कागद उन्हाने आखडतो, कान्हा. ताणत नाही."

"आमच्या उरनचा ऊन येगळा हाय."

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशीही तेच. कान्हा रोज नवं कारण आणायचा. बायकोनं कापली, तिला कळत नाय. भावानं कापली, त्याला दिसत नाय. दुकानदारानं कागदच रुंद दिला. आप्पा प्रत्येक कारण शांतपणे ऐकून घेत, त्यातली चूक दाखवत आणि उद्या सुधारून यायला सांगत. कान्हा "व्हय" म्हणायचा. भिंतीपलीकडचा आवाज बंद झाला. मला वाटलं, कान्हा हा जरा हट्टी माणूस आहे.

पुढे एकदा कामानिमित्त मी जासईला एका पक्षकाराकडे मुक्कामाला गेलो होतो. सकाळी परत यायला कान्ह्याचीच ट्याक्शी मिळाली. मी त्याच्या शेजारी बसलो. सूर्य बरोबर समोर होता, काचेवरची पट्टी चार बोटांचीच होती, आणि कान्हा डोळे बारीक करून गाडी हाकत होता. पनवेल दिसू लागलं तशी त्याने गावाबाहेरच्या मोरीपाशी गाडी उभी केली. सीटखालून निळ्या जिलेटिनचा एक तुकडा काढला, साबणाच्या पाण्याची बाटली काढली, आणि बॉनेटवर वाकून तो तुकडा पट्टीच्या खाली नीट चिकटवला. मागच्या उतारूंना त्याचं काही वाटलं नाही. एक कोळीण टोपली मांडीवर घेऊन म्हणाली, "लवकर कर रं, बाजार उठल."

"हे काय, कान्हा?" मी विचारलं.

"आप्पांसाटी," तो म्हणाला.

"आप्पांसाठी?"

"सगल्यांची पट्टी बरोबर झाली ना, तवापासून तो मानूस नुसता उबा राहायचा. मना बगवंना. बोलंल कोनाशी? आपल्याला काय, दोन मिनटां ऐकून घ्यायचा. स्टँडवरून परत निगालो की काडून टाकतो." मग त्याने हात पुसले आणि माझ्याकडे वळून म्हणाला, "तुमी त्यांना बोलू नका हां, वकील. त्यांना लाज वाटंल."

मी बोलणार नाही म्हणालो.

हे असंच चाललं असतं, पण पावसाळा संपल्यावर वाहनं तपासायला एक इन्स्पेक्टर पनवेलला आले, तेही बरोबर सकाळच्या वेळी, स्टँडच्याच तोंडावर. तरुण, कामाला चोख. कान्हा मोरीवरून पट्टी चिकटवून आला तो त्यांच्यासमोरच. साहेबांनी काच पाहिली आणि गाडी बाजूला घ्यायला सांगितली.

"एवढा कागद? पुढचं दिसतं का तुला?"

कान्ह्याने ओले हात सदऱ्याला पुसले.

"कोणी सांगितलं नाही कधी?"

आप्पा तिथेच होते. खऱ्या साहेबाच्या तोंडून आपला विषय निघालेला ऐकून त्यांना राहवलं नाही. ते पुढे झाले, आपली जुनी कचेरी सांगितली आणि म्हणाले, "मी सांगतो. रोज सांगतो. गेले कित्येक महिने सांगतो आहे."

"म्हणजे वारंवार समज दिली आहे?"

"अगदी वारंवार," आप्पा अभिमानाने म्हणाले.

साहेबांनी तसं लिहून घेतलं. ते लिहिताना आप्पांनी कान्ह्याकडे पाहिलं. कान्हा पायाखालच्या मातीकडे बघत होता. आप्पांचा चेहरा हळूहळू उतरत गेला. उतारू आपापली गाठोडी घेऊन निघून गेले. आप्पाही त्या दिवशी बाकीच्या गाड्या न बघता घरी आले.

खटला पनवेलच्या मॅजिस्ट्रेटपुढे लागला. साधी चूक असती तर थोड्या दंडावर भागलं असतं, पण वारंवार समज देऊनही न ऐकणारा ड्रायव्हर म्हटल्यावर लायसन्स काही महिने काढून घेतलं जाण्याची भीती होती. ती ट्याक्शी कान्ह्याने आणि त्याच्या दोन भावांनी मिळून घेतली होती आणि चालवता एकट्या कान्ह्यालाच येत होती. गाडी उभी राहिली तर तिन्ही घरांना पुन्हा मिठागराची वाट धरावी लागणार होती. कान्हा माझ्याकडे आला. वकीलपत्रावर अंगठा नाही, सही केली, आणि म्हणाला, "येक सांगतो. त्या कागदाचा कारन कोरटात बोलायचा नाय."

"अरे, त्याशिवाय तुझ्या बाजूने सांगण्यासारखं आहे काय?"

"दुसरा कायतरी सांगा. उन सांगा."

"लायसन्स जाईल."

"जाईल तर जाईल," तो म्हणाला. पण म्हणताना त्याने खुर्चीचा हात इतका घट्ट धरला होता की मला पुढे काही विचारवेना.

तारखेच्या आदल्या संध्याकाळी आप्पा माझ्या दारात आले. त्या दिवशी ते शंका घेऊन आले नव्हते. बराच वेळ पुस्तकांच्या फळीकडे बघत बसले. मी चहा ठेवला. पातेल्यात पाणी उकळू लागलं तरी ते बोलेनात.

"कान्ह्याचं काय होईल?" शेवटी त्यांनी विचारलं.

"सांगता येत नाही."

"तो काय म्हणतो? का लावत होता म्हणतो?"

"उन्हासाठी," मी म्हणालो. वचन दिलं होतं, दुसरं काय म्हणणार?

आप्पांनी मान हलवली. "तुम्हालाही माहीत आहे तर." मग आपल्या उजव्या हाताच्या बोटांकडे बघत म्हणाले, "कागद रोज ओला असायचा, वकीलसाहेब. बोटं लावली की साबणाचं पाणी लागायचं. उरणहून उन्हात आलेल्या गाडीचा कागद ओला कसा राहील? एकदा मोरीपर्यंत चालत जाऊन लांबून पाहिलंही, लावताना आणि काढताना."

"कधीपासून ठाऊक होतं?" मी विचारलं.

"पहिल्या आठवड्यापासून."

"मग बोलला का नाहीत?"

"बोललो असतो तर त्याने लावला नसता," आप्पा म्हणाले.

चहा त्यांनी घेतला नाही. जाताना दारात थांबून एवढंच विचारलं, की कोर्टात साक्षीला किती वाजता यायचं असतं.

दुसऱ्या दिवशी कोर्टात आमच्याखेरीज फारसं कोणी नव्हतं. दोन-तीन ट्याक्शीवाले धंदा सोडून आले होते ते मागच्या बाकावर बसले. कान्हा धुतलेला सदरा घालून उभा. इन्स्पेक्टरांनी आपलं म्हणणं सांगितलं, सरळ आणि खरं. मग आप्पांचं नाव पुकारलं गेलं. ते सरकार पक्षाचेच साक्षीदार होते. कोटाची सगळी बटणं लावून ते पिंजऱ्यात उभे राहिले आणि शपथ घेतली.

"तुम्ही आरोपीला रोज समज देत होता?" मॅजिस्ट्रेटसाहेबांनी विचारलं.

"होय, साहेब."

"आणि तो ऐकत नव्हता."

"ऐकत होता," आप्पा म्हणाले. "रोज ऐकायचा. ऐकायसाठीच तो कागद लावायचा."

साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "नीट सांगा."

कान्हा माझ्याकडे वळून हलक्या आवाजात म्हणाला, "वकील, त्यांना थांबवा." पण साक्ष चालू असताना मी कसा थांबवणार, आणि खरं सांगायचं तर मला थांबवायचंही नव्हतं.

आप्पांनी पिंजऱ्याचा कठडा दोन्ही हातांनी धरला. "त्याची पट्टी बरोबरच होती, साहेब. सगळ्यांच्याच बरोबर झाल्या होत्या. मग मला स्टँडवर काही काम राहिलं नाही. मी एकटा असतो. काचेशिवाय मला दुसरं काही बोलता येत नाही, जमतच नाही. याच्या ते ध्यानात आलं. म्हणून गावाबाहेरच्या मोरीपाशी गाडी थांबवून हा पट्टीखाली आणखी कागद लावायचा, मला रागवायला मिळावं म्हणून. परत जाताना काढून टाकायचा. मला ते ठाऊक होतं. ठाऊक असून मी रोज रागावलो. समज द्यायची तर ती मला द्यायला हवी."

मागच्या बाकावर कोणीतरी खाकरलं. इन्स्पेक्टर हातातल्या टोपीकडे बघत होते. मॅजिस्ट्रेटसाहेबांनी लेखणी खाली ठेवली. मग त्यांनी विचारलं, "मोरीपासून स्टँडपर्यंतच?"

"तेवढंच," आप्पा म्हणाले. "तरीसुद्धा चूक ती चूकच, साहेब. तेवढ्या रस्त्यावरही माणसं चालतात."

हे सांगायची काही गरज नव्हती. पण आप्पांना ते न सांगता पिंजऱ्यातून उतरता आलं नसतं.

साहेबांनी कान्ह्याला किरकोळ दंड केला, पुन्हा असं आढळल्यास लायसन्स जाईल असं बजावलं आणि पुढचा खटला पुकारला. कान्हा बाहेर येऊन आप्पांना शोधू लागला. आप्पा मागच्या दाराने निघून गेले होते.

त्यानंतर ते स्टँडवर दिसेनासे झाले. भाजी आणायला सुद्धा ते आळीच्या दुसऱ्या टोकाने जात. भर कोर्टात आपण एकटे आहोत असं सांगितल्यावर माणसाने कोणाला तोंड कसं दाखवायचं, हे त्यांना समजत नसावं. मी एकदोनदा दार वाजवलं. "जरा पडलोय," असं आतून उत्तर आलं. मी स्वतःच एक शंका तयार करून घेऊन गेलो, तर त्यांनी दार किलकिलं करून दोन वाक्यांत तिचं उत्तर दिलं आणि दार लावलं.

आठवडाभराने, रविवारी दुपारी, खाली रस्त्यावर हॉर्न वाजला. पुन्हा वाजला. तांदळाचा व्यापारी ओरडू लागला तरी वाजतच राहिला. मी खिडकीतून बघितलं, तर कान्ह्याची ट्याक्शी दुकानाला चिकटून उभी होती आणि तो वर बघत होता.

"आप्पांना सांगा, जेवायला घेऊन जायला आलोय. आज खाडीत चिंबोऱ्या गावल्यात. तुमी पन चला."

आप्पा खिडकीत आले. "नको रे. मला मोटार सोसत नाही."

"हलू चालवीन."

"नको."

"आप्पा, मी हिथून हलनार नाय. हॉर्न वाजवत राहीन. कायद्यात बसतं का बगा."

आप्पा खिडकीतून आत गेले. आवरायला त्यांना बराच वेळ लागला, तोवर मी खाली उतरलो. मग जिन्यावर त्यांची पावलं वाजली. कोट, टोपी, काखेत छत्री. कान्ह्याने उतरून पुढचं दार उघडलं. आप्पा मागे बसायला निघाले होते, पण मागे मी आधीच बसलो होतो आणि माझी सरकण्याची इच्छा नव्हती. ते पुढे बसले.

गाडी गाव सोडून उरणच्या रस्त्याला लागली. दोन्ही बाजूंना कापणी झालेली भातखाचरं होती, पलीकडे खाडीचं पाणी चमकत होतं. आप्पा ताठ बसून समोर बघत होते. बोलायला विषय नव्हता. कान्हाही बोलत नव्हता. मला ती शांतता असह्य होऊन मीच काहीतरी हवापाण्याचं काढणार, तेवढ्यात आप्पांनी घसा साफ केला.

"कान्हा, तुझ्या घरी कोण कोण असतं रे?"

इतकी वर्षं रोज सकाळी दोघांचा वाद होत होता, आणि हे त्यांनी पहिल्यांदाच विचारलं होतं. कान्ह्याने गाडीचा वेग आणखी कमी केला.

"बायको हाय. तीन पोरी हायत. भाव, भावजया, त्यांची पोरां. आन आय हाय."

"आई आहे?"

"हाय. तिला दिसत नाय आता. पडवीत बसलेली असते दिसभर. पोरी शालत जातात, बाकीचे कामाला. ती हाका मारीत बसते, कोन आला, कोन गेला."

आप्पांनी छत्रीची मूठ चाचपली.

"तिच्याशी काय बोलू मी?" त्यांनी विचारलं.

"काय पन बोला," कान्हा म्हणाला. "तिला मानूस बसलेला पायजे."

आप्पांनी मान हलवली. मग त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली, आणि जासई येईपर्यंत ते खिडकीबाहेर बघत, ओठांतल्या ओठांत काहीतरी जुळवत होते.